होळकर संघाची चौदा वर्षे

१९५४-५५च्या हंगामातला रणजी करंडकाचा अंतिम सामना इंदूरला झाला. एका बाजूला मद्रास, दुसऱ्या बाजूला होळकर. पहिल्या डावात मद्रासने ४७८ धावा केल्या, होळकरने ४१७. दुसऱ्या डावात मद्रासच्या ३११ झाल्या आणि होळकरपुढे ३७३ धावांचे लक्ष्य आले. मैदान घरचे, प्रेक्षक घरचे आणि चौथ्या डावात एवढ्या धावा काढायची धमक असलेले फलंदाज हाताशी. होळकरचा संघ ३२६पर्यंत पोचला. ४६ धावा कमी पडल्या. मद्रासने पहिल्यांदाच रणजी करंडक उचलला आणि होळकर या नावाचा संघ त्यानंतर रणजीच्या मैदानावर कधीच उतरला नाही.

एखादा संघ बंद पडतो तो बहुधा हरून हरून. खेळाडू पांगतात, प्रेक्षक पाठ फिरवतात, पैसे आटतात आणि एखाद्या हंगामात नाव यादीतून गळून पडते. होळकरचे तसे झाले नाही. १९४१-४२ ते १९५४-५५ असे चौदा हंगाम हा संघ रणजीत खेळला. त्यातल्या शेवटच्या ११ हंगामांत तो १० वेळा अंतिम फेरीत पोचला. चार वेळा जिंकला, सहा वेळा उपविजेता ठरला. मधला १९४८-४९चा एकच हंगाम काय तो अंतिम सामन्याविना गेला. मुंबईच्या तोडीस तोड उभा राहिलेला हा संघ ऐन भरात असताना संपला, कारण त्याच्या पाठीशी जे राज्य होते तेच नकाशावरून पुसले गेले होते.

छोट्या गावांचे संघ असेच कोणाच्या तरी आधारावर उभे असतात. अमेरिकेत दुसऱ्या महायुद्धानंतर गावोगावच्या दुय्यम बेसबॉल संघांना उधाण आले होते. १९४९ साली अशा संघांच्या ५९ लीग चालू होत्या. गावातले व्यापारी, कारखानदार आणि संध्याकाळी तिकीट काढून येणारे गावकरी यांच्यावर त्यांचा संसार चाले. टीव्हीवर मोठ्या संघांचे सामने घरबसल्या दिसू लागले आणि पुढच्या पंधरा वर्षांत त्यांतल्या बहुतेक बंद पडल्या. आपल्याकडे मोठ्या शहरांबाहेर क्रिकेटला जो आधार होता तो तिकिटाचा नव्हता. तो दरबाराचा होता. नवानगर, बडोदा, पटियाळा, हैदराबाद आणि इंदूर या राजधान्यांत क्रिकेट वाढले ते राजाच्या खजिन्यावर.

त्यांत इंदूरची गोष्ट मराठी माणसाला जवळची वाटावी अशी आहे. नीरेकाठच्या होळ गावाहून निघालेल्या मल्हाररावांच्या घराण्याचे हे राज्य. माळव्यात असले तरी दरबार मराठी, वाड्यांतली बोली मराठी. मराठी साहित्य संमेलन १९१७ आणि १९३५ असे दोनदा तिथे भरले होते. १९४१च्या सुमारास शहराची वस्ती दोन लाखांच्या आसपास, तर मुंबईची जवळजवळ पंधरा लाख. मुंबईत जिमखाने होते, शाळा-कॉलेजांच्या स्पर्धा होत्या, कंपन्यांचे संघ होते, चौरंगी आणि पंचरंगी सामन्यांची परंपरा होती. इंदूरकडे यातले फारसे काही नव्हते. होते ते एक संस्थान आणि खेळाची हौस असलेले राजे.

तुकोजीराव होळकर तिसरे यांनी १९२३ साली नागपूरच्या एका तरुणाला इंदूरला बोलावून घेतले. त्याचे नाव कोट्टारी कनकैया नायडू. जन्म १८९५चा, नागपूरचाच. होळकरांच्या लष्करात त्यांना हुद्दा मिळाला आणि पुढे कर्नल हे बिरुद त्यांच्या नावाला कायमचे चिकटले. तीनच वर्षांनी, डिसेंबर १९२६मध्ये, बॉम्बे जिमखान्याच्या मैदानावर आर्थर गिलिगनच्या एमसीसी संघाविरुद्ध हिंदूंकडून खेळताना नायडूंनी १५३ धावा केल्या. त्यात ११ षटकार होते. इंग्लंडच्या संघाला भारतीय फलंदाज असे झोडपू शकतो हे त्या दिवशी हजारो लोकांनी डोळ्यांनी पाहिले. भारतीय क्रिकेटला स्वतःचे नियामक मंडळ हवे या खटपटीला त्या खेळीने जोर आला. १९३२ साली लॉर्ड्सवर भारताने पहिला कसोटी सामना खेळला तेव्हा कर्णधार नायडूच होते.

रणजी करंडक १९३४-३५मध्ये सुरू झाला. इंदूरचे खेळाडू तेव्हा मध्य भारत संघातून, म्हणजे अनेक संस्थानांच्या एकत्र संघातून खेळत. १९४१-४२पासून यशवंतराव होळकर दुसरे यांच्या आश्रयाने होळकरांचा स्वतंत्र संघ मैदानात आला. त्या वेळी नायडूंचे वय ४६ होते. आजच्या हिशेबाने फलंदाज या वयात निवृत्त होऊन दहा वर्षे झालेली असतात. नायडूंनी मात्र इथून पुढे एक संघ घडवला आणि नऊ वर्षांत त्याला आठ वेळा अंतिम फेरीत नेले.

संघ घडला कसा, हे पाहण्यासारखे आहे. गावातले पोर हेरायचे, बाहेरचा गुणी खेळाडू बोलावायचा आणि दोघांच्या पोटापाण्याची सोय करायची, एवढाच तो मार्ग होता. सय्यद मुश्ताक अली इंदूरचेच. ते तेरा वर्षांचे असताना नायडूंनी त्यांचा खेळ पाहिला आणि त्यांना हाताशी धरले. याच मुश्ताक अलींनी १९३६ साली ओल्ड ट्रॅफर्डला ११२ धावा काढल्या. परदेशात कसोटी शतक करणारे ते पहिले भारतीय. चंदू सरवटे सागरचे. फिरकी टाकणारे, चिकाटीने फलंदाजी करणारे आणि व्यवसायाने बोटांच्या ठशांचे तज्ज्ञ. डावखुरे गोलंदाज हिरालाल गायकवाड नागपूरचे. नायडूंचे धाकटे बंधू सी. एस. नायडू बडोद्याकडून इंदूरला आले. कोल्हापूरचे भाऊसाहेब निंबाळकर, कमल भांडारकर, माधवसिंह जगदाळे, खंडू रांगणेकर अशी नावे त्या चौदा वर्षांच्या धावफलकांत जागोजाग दिसतात.

मुंबईच्या संघात जागा मिळणे कठीण, पुण्यात खेळावे तर पोट कसे भरायचे, अशा पेचात असलेल्या खेळाडूला इंदूरचा रस्ता मोकळा होता. लष्करात किंवा संस्थानच्या एखाद्या खात्यात नोकरी मिळे आणि सकाळ-संध्याकाळ सरावाला सवड. त्या काळात क्रिकेटवर घर चालत नसे. होळकर संघाचे खरे बळ या नोकऱ्यांत होते. राजाच्या बक्षिसीवर एखादा सामना जिंकता येतो, पण अकरा जणांना वर्षानुवर्षे एकत्र ठेवायला पगारच लागतो.

१९४४-४५ साली हा संघ पहिल्यांदा अंतिम फेरीत गेला. गाठ पडली मुंबईशी, तीही ब्रेबर्न स्टेडियमवर. मुंबईने पहिल्या डावात ४६२ केल्या, होळकरने ३६०. दुसऱ्या डावात विजय मर्चंट २७८ धावा काढून गेले आणि मुंबईची धावसंख्या ७६४ झाली. त्या हंगामात एक हजार आठ धावा जमवणारे रुसी मोदी याच मुंबई संघात होते. एका सामन्यात चार डाव मिळून २०७८ धावा निघाल्या.

हा सामना होळकरच्या गोलंदाजांसाठी किती जीवघेणा होता, ते एका आकड्यावरून कळते. सी. एस. नायडूंनी दोन डावांत मिळून १५२.५ षटके टाकली, म्हणजे ९१७ चेंडू. पहिल्या डावात १५३ धावा देऊन ६ बळी, दुसऱ्यात २७५ धावा देऊन ५. प्रथम श्रेणीच्या एका सामन्यात एका गोलंदाजाने टाकलेले हे सर्वांत जास्त चेंडू आणि दिलेल्या सर्वांत जास्त धावा. ११ बळी घेऊनही त्यांचा संघ हरला.

होळकरपुढे ८६७ धावांचे लक्ष्य होते. अशा वेळी बहुतेक संघ हातपाय गाळतात. होळकरने ४९२ केल्या. मुश्ताक अलींनी पहिल्या डावात १०९ काढल्या होत्या, दुसऱ्यात १३९ काढल्या. पलीकडे डेनिस कॉम्प्टन उभे होते. इंग्लंडचा हा मोठा फलंदाज युद्धाच्या नोकरीत महूच्या छावणीत होता आणि महू इंदूरपासून हाकेच्या अंतरावर. त्यामुळे तो होळकरच्या संघात आला. कॉम्प्टन २४९ धावांवर नाबाद राहिले आणि होळकर ३७४ धावांनी हरले. इंदूरच्या एका धनिक व्यापाऱ्याने शंभरापुढच्या प्रत्येक धावेमागे रोख बक्षीस कबूल केले होते. सामना संपल्यावर तो तातडीच्या कामाने बाहेरगावी गेल्याचा निरोप तेवढा मिळाला, अशी आठवण कॉम्प्टन पुढे सांगत.

पुढचाच हंगाम होळकरच्या आयुष्यातला सोन्याचा.

मार्च १९४६. इंदूरला उपांत्य सामना, समोर म्हैसूर. होळकरची फलंदाजी सुरू झाली आणि एकामागून एक शतके पडू लागली. भांडारकर १४२, सरवटे १०१, जगदाळे १६४, कर्णधार नायडू १०१, निंबाळकर १७२, आर. पी. सिंग १००. एका डावात सहा जणांची शतके. प्रथम श्रेणी क्रिकेटच्या इतिहासात असे दुसऱ्यांदा घडलेले नाही. गंमत अशी, की संघातले सर्वांत नामांकित फलंदाज मुश्ताक अली या सहांत नव्हते. म्हैसूरचे लेगस्पिनर गरुडाचार ६९ षटके टाकत राहिले. ३०१ धावा दिल्या तेव्हा त्यांच्या पदरात ४ बळी पडले. होळकरने ८ बाद ९१२वर डाव सोडला. म्हैसूरने १९० आणि पुन्हा खेळताना ६ बाद ५०९ अशी झुंज दिली, पण सामना पहिल्या दिवसापासूनच त्यांच्या हातून गेला होता. १९९३-९४च्या हंगामात हैदराबादने आंध्रविरुद्ध ६ बाद ९४४ करेपर्यंत रणजीत ९१२च्या पुढे कोणीच गेले नाही.

अंतिम सामनाही इंदूरलाच झाला. आले बडोदे. एके काळी पेशव्यांच्या फौजेत शेजारी शेजारी तळ ठोकणाऱ्या गायकवाड आणि होळकर या घराण्यांचे वारस आता विकेटच्या दोन टोकांना होते. गायकवाडांचा संघही इंदूरसारखाच बांधलेला. सांगलीचे विजय हजारे संस्थानच्या चाकरीत होते, त्यांच्या जोडीला लाहोरचे गुल महंमद. होळकरने पहिल्या डावात ३४२ धावा केल्या. त्यांतल्या २०० एकट्या सी. के. नायडूंच्या. पन्नाशी ओलांडलेल्या कर्णधाराने अंतिम सामन्यात द्विशतक ठोकले होते. बडोदे १९८ आणि ३६१, होळकरचा दुसरा डाव २७३. ५६ धावांनी सामना जिंकून इंदूरने पहिल्यांदा रणजी करंडक मिळवला.

बडोद्याने वर्षभरात उट्टे काढले, आणि असे काढले की तो सामना जगभर लक्षात राहिला. मार्च १९४७मध्ये बडोद्याला अंतिम सामना. होळकर पहिल्या डावात २०२वर बाद. बडोद्याचे ३ गडी ९१ धावांत टिपले तेव्हा होळकरला सामन्यात जीव असल्याचे वाटले असेल. मग हजारे आणि गुल महंमद एकत्र आले. एक शांत, सरळ बॅटने खेळणारा. दुसरा बुटका, डावखुरा, तडाखेबाज. सबंध दिवस उलटला तरी जोडी फुटेना. ५३३ मिनिटे, म्हणजे जवळजवळ नऊ तास, ते खेळपट्टीवर होते. धावफलक ९१वरून ६६८वर गेला. गुल महंमद ३१९, हजारे २८८, भागीदारी ५७७ धावांची. बडोद्याच्या ७८४ झाल्या, होळकरचा दुसरा डाव १७३वर आटोपला आणि एक डाव व ४०९ धावांनी पराभव झाला. प्रथम श्रेणी क्रिकेटमधल्या कोणत्याही गड्यासाठीच्या भागीदारीचा हा विक्रम २००६पर्यंत टिकला. त्या वर्षी कोलंबोत कुमार संगकारा आणि महेला जयवर्धने यांनी दक्षिण आफ्रिकेविरुद्ध ६२४ धावा जोडल्या.

असा मार खाऊन पुढच्याच वर्षी हा संघ पुन्हा अंतिम फेरीत उभा होता. १९४७-४८मध्ये इंदूरला मुंबईचा ९ गडी राखून पराभव करून होळकरने दुसऱ्यांदा करंडक मिळवला आणि ब्रेबर्नवरच्या त्या ३७४ धावांचा हिशेब चुकता केला. १९४९-५०मध्ये बडोद्याने त्यांना ४ गडी राखून हरवले. १९५०-५१मध्ये इंदूरला ४२९ आणि ४४३ अशा धावा करून त्यांनी गुजरातला १८९ धावांनी नमवले. १९५२-५३मध्ये कोलकात्यात बंगालविरुद्धचा अंतिम सामना त्यांनी पहिल्या डावातल्या आघाडीवर घेतला. हा चौथा करंडक, आणि शेवटचा.

या यशामागे कर्णधाराचा कडक स्वभाव होता. नायडूंच्या संघात वेळ चुकवलेली चालत नसे आणि वेगवान गोलंदाजासमोर मागे सरलेले तर मुळीच चालत नसे. हे नियम ते स्वतःला आधी लावत. १९५१-५२च्या अंतिम सामन्यात मुंबईच्या दत्तू फडकरांचा उसळता चेंडू त्यांच्या तोंडावर बसला. दोन दात पडले. तेव्हा नायडू ५६ वर्षांचे होते. क्षेत्ररक्षक धावत आले. नायडूंनी खेळपट्टीवर पडलेले दात बाजूला सारले, उपचाराला नकार दिला आणि फडकरांना आहे त्याच वेगाने गोलंदाजी करायला सांगितले. तो सामना होळकर ५३१ धावांनी हरले, पण इंदूरच्या पुढच्या पिढ्यांना त्या सामन्यातले लक्षात राहिले ते हेच.

हे सगळे चालू असताना ज्या राज्याचे नाव संघाला होते ते राज्य उरलेच नव्हते. २८ मे १९४८ रोजी इंदूर, ग्वाल्हेर आणि माळव्यातली इतर संस्थाने मिळून मध्य भारत हे राज्य झाले. ग्वाल्हेरचे जिवाजीराव शिंदे त्याचे राजप्रमुख, यशवंतराव होळकर उपराजप्रमुख. दरबार संपला, संस्थानचे लष्कर संपले, खजिना नव्या सरकारकडे गेला. क्रिकेटपटूला लष्करात हुद्दा देण्याचा अधिकार आता कोणा एका माणसाच्या हाती राहिला नाही. तरीही होळकर हे नाव आणखी सात हंगाम टिकले, आणि त्यांतल्या सहा हंगामांत संघ अंतिम फेरीत पोचला. जुन्या व्यवस्थेत तयार झालेले खेळाडू होते तोवर गाडा चालला.

नकाशा बदलला की माणसाचा संघही बदलतो, हे मराठवाड्यातल्या हदगावकडच्या माणसाला वेगळे सांगायला नको. १९४८पर्यंत हदगाव निजामाच्या राज्यात होते. तालुक्याच्या उत्तरेला पैनगंगा आणि नदी ओलांडली की उमरखेड, म्हणजे इंग्रजांच्या कारभारातले वऱ्हाड. रणजीच्या हिशेबात अलीकडच्या काठाचा मुलगा हैदराबादचा आणि पलीकडच्या काठाचा मध्यप्रांत-वऱ्हाडचा. हैदराबादने १९३७-३८मध्ये नवानगरला एक गडी राखून हरवून करंडक जिंकला होता. शेवटपर्यंत टिकून १३७ धावा करणारे एडलजी ऐबारा त्या विजयाचे मानकरी. पण निजामाच्या राज्यातले क्रिकेट हैदराबाद आणि सिकंदराबादच्या मैदानांवर वाढले. मराठवाड्याच्या तालुक्यांपर्यंत ते पोचले नाही. पैनगंगेपलीकडच्या त्या मध्यप्रांत-वऱ्हाड संघातूनच चंदू सरवटे पुढे आले होते.

१ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यांची फेररचना झाली. मराठवाडा हैदराबादेतून निघून मुंबई राज्यात आला. विदर्भ जुन्या मध्य प्रदेशातून निघून मुंबई राज्यात आला. मध्य भारत नव्या मध्य प्रदेशात मिसळून गेले. होळकर संघाचे नाव त्याआधीच, १९५५-५६च्या हंगामापासून, मध्य भारत झाले होते. आता ते मध्य प्रदेश झाले. १९५७-५८पासून विदर्भाचा वेगळा संघ रणजीत उतरला. नांदेड आणि लातूर महाराष्ट्र क्रिकेट संघटनेकडे, म्हणजे पुण्याकडे जोडले गेले. पैनगंगा आजही रणजीच्या दोन संघांमधली सीमा आहे. हदगावचा मुलगा महाराष्ट्राकडून खेळतो, उमरखेडचा विदर्भाकडून.

संस्थानी संघांपैकी बडोदे आणि हैदराबाद टिकले. ती शहरे होती, तिथे संघटना होत्या आणि राजा गेला तरी शहराच्या नावाने संघ चालवता आला. होळकर आणि नवानगर गेले. होळकर संघ इंदूरने तनमनाने आपला मानला, पण तो घराण्याच्या नावाने नोंदलेला होता आणि घराण्याच्या चाकरीवर पोसलेला होता. चौदा वर्षांत इंदूरजवळ खेळाडू झाले, प्रेक्षक झाले, करंडक झाले. दरबार गेल्यावर खेळाडूच्या पगाराची जबाबदारी घेईल अशी दुसरी यंत्रणा मात्र त्या अवधीत उभी राहिली नाही. याची किंमत पुढच्या पिढ्यांनी मोजली.

खेळाडू आपापल्या वाटांनी गेले. नायडू १९५३-५४मध्ये आंध्रच्या पहिल्या रणजी संघाचे कर्णधार झाले आणि साठी उलटल्यावर उत्तर प्रदेशाकडूनही खेळले. १९५६ साली त्यांना पद्मभूषण मिळाले. नोव्हेंबर १९६७मध्ये ते इंदूरलाच वारले. मुश्ताक अलींनीही अखेरपर्यंत इंदूर सोडले नाही. २००५ साली नव्वदीत त्यांचे निधन झाले. सरवटे पुढे राष्ट्रीय निवड समितीत गेले आणि १९८३च्या विश्वचषकाचा संघ निवडणाऱ्यांत ते होते. निंबाळकरांनी डिसेंबर १९४८मध्ये पुण्यात महाराष्ट्राकडून काठियावाडविरुद्ध नाबाद ४४३ धावा केल्या. दुसऱ्या टोकाला इंदूरच्या त्या सहा शतकवीरांतले भांडारकर होते, दोघांनी ४५५ धावांची भागी केली. ब्रॅडमनच्या ४५२च्या विक्रमाला ९ धावा हव्या असताना काठियावाडच्या कर्णधाराने सामना सोडून दिला. निंबाळकरांना एकही कसोटी मिळाली नाही. २०१२ साली कोल्हापुरात ते गेले तेव्हाही भारतात कोणाची त्याहून मोठी खेळी नव्हती. माधवसिंह जगदाळे इंदूरला राहून मुलांना शिकवत राहिले. त्यांचे चिरंजीव संजय जगदाळे मध्य प्रदेशाकडून खेळले, निवड समितीत गेले आणि पुढे भारतीय क्रिकेट नियामक मंडळाचे सचिव झाले.

होळकरचा वारसा सांगणाऱ्या मध्य प्रदेशाला करंडकासाठी फार लांबची वाट पाहावी लागली. १९९८-९९मध्ये चंद्रकांत पंडित यांच्या नेतृत्वाखाली संघ अंतिम फेरीत पोचला आणि कर्नाटककडून हरला. १ जानेवारी २०१८ रोजी इंदूरच्या होळकर स्टेडियमवर रणजीचा अंतिम सामना संपला तो दिल्लीविरुद्ध विदर्भाच्या ९ गड्यांच्या विजयाने. विदर्भाचा तो पहिलाच करंडक. सी. के. नायडूंच्या नागपूरने तो नायडूंच्या इंदुरात येऊन जिंकला होता आणि प्रशिक्षक होते चंद्रकांत पंडित. पुढे पंडित मध्य प्रदेशाकडे परतले. जून २०२२मध्ये बंगळुरूला मध्य प्रदेशने मुंबईच्या ३७४ धावांना ५३६ धावांनी उत्तर दिले. यश दुबे १३३, शुभम शर्मा ११६ आणि इंदूरचा रजत पाटीदार १२२. सहा गडी राखून सामना जिंकला. १९५२-५३नंतर त्या मातीत रणजी करंडक पहिल्यांदा आला, ६९ वर्षांनी.

आज देशातली २३ वर्षांखालील मुलांची मोठी स्पर्धा कर्नल सी. के. नायडू करंडकाच्या नावाने होते. राज्यांची ट्वेंटी-२० स्पर्धा सय्यद मुश्ताक अली करंडकाची असते आणि एकदिवसीय स्पर्धा विजय हजारे करंडकाची. १९४६ आणि १९४७ या दोन वर्षी इंदूरला आणि बडोद्याला समोरासमोर उभे ठाकलेले हे तिघे. तुळजापूरचा वेगवान गोलंदाज राजवर्धन हंगरगेकर महाराष्ट्राकडून पहिला ट्वेंटी-२० सामना खेळला तो २०२०-२१च्या मुश्ताक अली करंडकात, आणि त्याच हंगामात पहिला एकदिवसीय सामना हजारे करंडकात. ज्या मराठवाड्यातून होळकरच्या काळात रणजीकडे जाणारा रस्ताच नव्हता, तिथली मुले आता या तिघांच्या नावांच्या स्पर्धांतून पुढे येत आहेत.